फायरमनच्या हातचे रोडगे

श्यामराव भोयर यांना जगात दोनच गोष्टींची मनापासून चीड होती. एक डिझेलचं इंजिन आणि दुसरी गॅसची शेगडी. बटण फिरवलं की निळी आग, ना धूर, ना आवाज, ना डोकं लावायची गरज. असल्या आगीला ते आग म्हणतच नसत. सुनेनं चहा ठेवला की ते स्वयंपाकघराच्या दारात उभे राहून शेगडीकडे असं बघायचे, की अनुश्रीला उगीचच अपराधी वाटायचं.

त्याला कारणही होतं. श्यामरावांनी तेवीस वर्षं रायपूरहून धमतरीकडे जाणाऱ्या छोट्या लाइनीवर वाफेच्या इंजिनात कोळसा टाकला होता. ड्रायव्हर व्हायच्या परीक्षेत ते दोनदा नापास झाले, पण त्याचं त्यांना कधी दुःख झालं नाही. त्यांच्या मते ड्रायव्हर नुसता भोंगा वाजवतो, गाडी चालवतो तो फायरमन. मग एके वर्षी त्यांच्या लाइनीवर डिझेल आलं. उरलेली दहा वर्षं श्यामरावांनी डिझेलच्या केबिनमध्ये हाताची घडी घालून काढली आणि रिटायर झाल्यावर जो भेटेल त्याला, विचारो न विचारो, हेच सांगितलं की ज्यानं कोणी वाफ बंद केली त्या माणसाचं कधी भलं होणार नाही.

रायपूर राजधानी झालं, जिकडेतिकडे बिल्डिंगा उठल्या, तेव्हा मुलानं, शेखरनं, तेलीबांध्याला तलावाच्या बाजूला चौथ्या मजल्यावर फ्लॅट घेतला. शेखर सौरऊर्जेच्या खात्यात होता. वीज न पोचलेल्या गावांत सूर्यावर चालणारे दिवे लावत फिरायचा आणि रात्रीच्या जेवणाला सूर्याचं गुणगान घेऊन बसायचा. सूर्य फुकट आहे, धूर नाही, राख नाही, संपायची भीती नाही. श्यामराव म्हणायचे, फुकट आहे ते दिसूनच राहिलं, पण तुझ्या त्या सूर्यावर चाळीस डबे ओढून दाखव. अनुश्री मध्येच मायक्रोवेव्हमधून गरम भाजी आणून ठेवायची आणि हिंदीत म्हणायची, बाबूजी, पहले खा लीजिए, बाद में गाड़ी खींचना. आणि सत्यभामाबाई, म्हणजे श्यामरावांच्या सौभाग्यवती, यातल्या कोणाच्याच बाजूनं बोलायच्या नाहीत. त्यांनी चूल फुंकली होती, सिगडी पेटवली होती, स्टोव्हला पिन मारली होती आणि आता गॅसवरही त्यांचं बरं चाललं होतं. आग कोणती का असेना, पोळी फुगली पाहिजे, एवढाच त्यांचा हिशेब.

पण त्या पौषात सत्यभामाबाईंनी जेवता जेवता जाहीर केलं, की येत्या शनिवारी नवस फेडायचा.

नवस जुना होता, शेखर शाळेत होता तेव्हाचा. मारुतीला अकरा रोडगे बोलल्या होत्या. काय मागितलं होतं ते त्यांनी कोणाला सांगितलं नव्हतं, कारण फेडायच्या आधी नवस सांगत नसतात. मागितलेलं तर लगेच मिळालं, फेडायचं मात्र राहून गेलं. आधी सासूबाई वारल्या, मग शेखरच्या परीक्षा, मग लग्न, मग हा फ्लॅट. आणि आता दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. सत्यभामाबाईंची खात्री पटली होती, की मारुतीनं पंचवीस वर्षं वाट पाहिली आणि आता त्याचा धीर सुटला. एका डोळ्याचं ऑपरेशन दहा दिवसांपूर्वी झालं होतं. दुसरा सोमवारी होता. सोमवारच्या आधी नवस फिटला नाही तर तो डोळा काही हाती लागत नाही, असं त्यांनी इतक्या शांतपणे सांगितलं, की शेखरलासुद्धा हसू आलं नाही.

रोडगे म्हणजे काय, ते विदर्भातल्या माणसाला सांगायला नको. जाडसर कणकेची पोळी लाटायची, तूप लावायचं, त्यावर दुसरी, तिसरी, असे थर करून गोळा बांधायचा आणि गोवऱ्यांच्या निखाऱ्यात, राखेत पुरून भाजायचा. राख झटकून फोडला की आतून पापुद्रे सुटतात. वर तूप, बाजूला वरण आणि वांग्याची भाजी. पण अनुश्रीचं माहेर भोसल्यांच्या काळापासून इकडेच राहिलेलं, तिनं रोडगे फक्त ऐकले होते. तिनं सुचवलं, की ओव्हनमध्ये एकशे ऐंशीवर ठेवले तर अकराच्या अकरा एकसारखे होतील. शेखर म्हणाला, माझ्याकडे सूर्यचूल आहे, गच्चीवर ठेवू, धूर नाही की काही नाही, आणि मारुतीनं तर लहानपणी सूर्यालाच तोंडात घ्यायला झेप मारली होती, त्याला आवडेल.

"तोंडानं गोवऱ्या म्हटल्या होत्या, तर गोवऱ्याच," सत्यभामाबाई म्हणाल्या. "आणि रोडगे यांनीच भाजायचे."

यांनी म्हणजे श्यामरावांनी. श्यामरावांचा घास हातातच राहिला. अठ्ठेचाळीस वर्षांच्या संसारात या बाईनं त्यांना कधी चुलीच्या चार हात जवळ येऊ दिलं नव्हतं. एकदा त्यांनी सिगडीत कोळसा सारखा केला तर दोन दिवस अबोला धरला होता. आणि आज आपण होऊन म्हणते, यांनीच भाजायचे! डॉक्टरनं तिला धुराजवळ जायला मनाई केली आहे, हे कारण होतंच. पण शेखर होता, शेजारच्या बायका होत्या. नाही, हिला शेवटी कळलं, आगीतलं खरं कोणाला समजतं ते. श्यामरावांनी वरणभात संपवला, वर ताक प्याले आणि त्या रात्री हिंदीत एक गाणं गुणगुणले.

दुसऱ्या दिवसापासून तेलीबांध्याच्या तलावावर फिरायला येणाऱ्या एकाही रिटायर माणसाची सुटका झाली नाही. आमच्या घरी गॅस आहे, वीज आहे, सूर्य आहे, पण देवाचं काम आलं तर मिसेसनं कोणाला सांगितलं? फायरमनला. भरीस भर म्हणून त्यांनी रेल्वेतल्या आठ जुन्या सोबत्यांना शनिवारी एक वाजता जेवायचं आमंत्रण देऊन टाकलं. घरी येऊन सांगितलं तेव्हा अनुश्रीनं कणकेचा डबा उघडून पाहिला.

गोवऱ्या आणायचं काम शेखरकडे आलं. गोल बाजारात पूजेच्या सामानात चार-चार गोवऱ्यांची पाकिटं मिळत होती, पण त्यांनी हवन होतं, रोडगे नाही. शेवटी ज्या खेड्यात तो दिवे लावत होता तिथल्या बाईनं त्याला पोतंभर दिल्या. तिकडे त्यांना छेना म्हणतात. सूर्याचा दिवा लावायला आलेला साहेब शेणाच्या गोवऱ्या मागतो, याचं तिला इतकं हसू आलं, की तिनं पैसेच घेतले नाहीत. शेखरनं ते पोतं स्कूटरवर पुढे ठेवून तेलीबांध्यापर्यंत आणलं आणि बिल्डिंगच्या लिफ्टमधून वर नेताना तीन शेजाऱ्यांना काय आहे ते समजावून सांगितलं.

श्यामरावांनी पोत्यात हात घातला, एक गोवरी काढली, वजन बघितलं, वास घेतला आणि तोंड वाकडं केलं. हिच्यात दम कुठला? अर्ध्या तासात राख. मनाशी काहीतरी ठरवून ते संध्याकाळी एकटेच बाहेर पडले आणि सिगडीवाल्याकडून पाच किलो दगडी कोळसा कापडी पिशवीत घेऊन आले. कोणाला बोलले नाहीत. ही काही लबाडी नाही, असं त्यांनी स्वतःला समजावलं. गोवऱ्या तर राहणारच. कोळसा नुसता खालून जोर द्यायला.

शनिवारी सकाळी नऊला मंडळी मारुतीकडे पोचली. नव्या रायपूरच्या रस्त्याला आत वळलं की एक अमराई होती, तिच्या कडेला शेंदूर लावलेला हा मारुती, डोक्यावर टिनाचं छप्पर, बाजूला विहीर आणि एक म्हातारा राखणदार. सत्यभामाबाईंना काळा चष्मा घालून वाऱ्याच्या उलट दिशेला, आगीकडे पाठ करून खुर्चीवर बसवलं. त्यांनी तिथूनच हुकूम सोडायला सुरुवात केली. गोवऱ्या उभ्या रचा. पेटवा आणि सोडून द्या. ज्वाळ जाऊ द्या, धूर जाऊ द्या, वर पांढरी राख धरली की मगच रोडगे टाका. तोवर हात लावू नका.

हात लावू नका, हे वाक्य श्यामरावांना तेवीस वर्षांत इंजिनावर कोणी म्हटलं नव्हतं. भट्टीला हात न लावता सोडून दिलं असतं तर गाडी पहिल्या चढावरच उभी राहिली असती. त्यांनी मान डोलावली आणि आपल्या पद्धतीनं कामाला लागले. खाली कोळशाचा पातळ थर, कोपऱ्यांत जरा जाड. वर गोवऱ्या. वाऱ्याच्या तोंडाला एक नाली खणली, हवा खालून खेचायला. पेटवलं. पाच मिनिटांत आग अशी लागली, की आंब्याची खालची पानं वळायला लागली आणि शेखर चार पावलं मागे सरकला. श्यामरावांनी धोतराचा काचा मारला. चेहरा लाल, कपाळावर घाम, हातात लांब काठी. चौऱ्याहत्तर वय, पण त्या घटकेला त्यांना कोणी चाळीसचं म्हटलं असतं तर त्यांनी नाकारलं नसतं.

"हा वास गोवरीचा नाही," खुर्चीतून आवाज आला.

श्यामराव म्हणाले, की वारा फिरून राहिला, कुठूनतरी येत असेल. आणि हातोहात अकराही रोडगे आगीत सोडले.

दहाव्या मिनिटाला त्यांना कळलं. काठीनं एक बाहेर ओढला, तो काळाकुट्ट होता. दुसरा तसाच. घाईघाईनं सगळे बाहेर काढेपर्यंत अमराईत दगडी कोळशाचा आणि करपलेल्या कणकेचा असा वास भरला, की राखणदार विहिरीपलीकडून बघायला आला. सत्यभामाबाई उठल्या. कोणाचं न ऐकता आल्या, एक रोडगा पदरात धरून दगडावर आपटला. वरचं कवच फुटलं आणि आतून कच्ची, पांढरी, चिकट कणीक बाहेर आली.

 त्या नुसत्या उभ्या राहिल्या, आणि काळ्या चष्म्याखाली त्यांचे गाल हलायला लागले. डॉक्टरनं डोळ्यात पाणी येऊ द्यायचं नाही म्हणून बजावलं होतं. बाईला रडायलासुद्धा बंदी होती. ते बघून श्यामरावांच्या तोंडून अशा वेळी हमखास निघायचं तेच निघालं. म्हणाले, देवाला भाव लागतो, भाजणं थोडंच लागतं, आणि वाफेच्या इंजिनावर असतो तर असं झालं नसतं.

"तुमच्या इंजिनासाठीच नवस होता," सत्यभामाबाई म्हणाल्या.

श्यामरावांना वाटलं, इंजिन नीट चालावं म्हणून असेल. म्हणून ते थोडे सुखावलेसुद्धा.

"ते बंद पडावं म्हणून," त्या म्हणाल्या. "शर्टानं पेट घेतला होता तुमच्या. कोपरापर्यंत साल निघाली होती, आणि तिसऱ्या दिवशी पट्टी बांधून पुन्हा ड्यूटीवर गेले. खोकले की थुंकी काळी. मी इथं येऊन म्हटलं, बाबा, यांच्या हातची आग सोडव. सोडवली, तर यांच्याच हातानं तुले गोवऱ्यावरचे अकरा रोडगे घालीन. आठ महिन्यांत डिझेल आलं."

 शेखरनं हळूच सांगून पाहिलं, की आई, वाफ तर पूर्ण देशातच बंद झाली, ते रेल्वेचं धोरण होतं. सत्यभामाबाई म्हणाल्या, मी एकाच इंजिनाचं मागितलं होतं, बाकीचं त्यानं आपल्या मनानं केलं.

श्यामरावांनी काठी खाली टाकली आणि चालते झाले. अमराईच्या दुसऱ्या टोकाला एका झाडाच्या मुळीवर जाऊन बसले. राग आला होता, नुसता राग नाही, फार वाईट वाटलं होतं. पंचवीस वर्षं त्यांनी कोणाकोणाला शिव्या घातल्या नव्हत्या? रेल्वेचे साहेब, दिल्लीतले मंत्री, डिझेल विकणारे देश. आणि ज्या बाईनं हे केलं ती रोज सकाळी त्यांचा डबा भरत होती, वर विचारत होती, लोणचं घालू का. दहा वर्षं ते त्या डिझेलच्या केबिनमध्ये बसले होते, एखाद्या जागेवरून उठवलेल्या माणसासारखे, आणि ती खुशाल होती. त्यांनी ठरवलं, की आता उठायचं नाही. फेडू दे तिला तिचा नवस. ओव्हनमध्ये भाज म्हणावं.

बसल्या बसल्या त्यांचं लक्ष हाताकडे गेलं. मनगटापासून कोपरापर्यंत कातडी अजून वेगळीच होती, गुळगुळीत, केस नसलेली. तिसऱ्या दिवशी ड्यूटीवर गेलो होतो हे त्यांना आठवत नव्हतं. पट्टी कोणी बदलली होती, ते आठवलं. त्यांच्या शेडमध्ये ते धरून चौघं फायरमन होते, त्यातले तिघं छातीनं गेले, साठीच्या आत. आज एक वाजता जे आठ जण जेवायला येणार होते त्यांत एकही फायरमन नव्हता. सगळे ड्रायव्हर, गार्ड आणि बुकिंगवाले. हे त्यांच्या आजवर ध्यानात आलं नव्हतं, आणि आता आलं ते त्यांना मुळीच आवडलं नाही.

तेवढ्यात तिकडून धुराचा लोट आला. शेखरनं दुसरी आग पेटवायला घेतली होती. म्हणजे वर्तमानपत्र कोंबलं होतं, गोवऱ्या आडव्या टाकल्या होत्या आणि गाल फुगवून फुंकत होता. धूर सरळ सत्यभामाबाईंच्या खुर्चीकडे चालला होता आणि अनुश्री ताट घेऊन त्याला परतवत होती. श्यामरावांनी थोडा वेळ डोळे मिटून घेतले. मग त्यांना राहवेना.

"सरक तिकडे," त्यांनी येऊन शेखरला सांगितलं. "आग आहे का तमाशा?"

खुर्ची उचलून त्यांनी आधी वाऱ्याच्या वरच्या बाजूला ठेवली, बायको तिच्यावर बसलेली असताना, शेखरच्या मदतीनं. मग पिशवीतला उरलेला कोळसा राखणदाराला देऊन टाकला. नवीन जागा साफ केली, गोवऱ्या उभ्या रचल्या, एकीला एक टेकवून. पेटवल्या. आणि विचारलं, आता कणकेचं काय?

सत्यभामाबाईंनी अनुश्रीला पिशवीकडे खूण केली. तिच्यात ओल्या कपड्याखाली अर्धी कणीक झाकून ठेवलेली होती.

"ठेवलीच होती मी," त्या म्हणाल्या. "तुम्हाले ओळखत नाही का?"

 अनुश्रीनं आणि शेखरनं पोळ्या लाटून थर लावायला घेतले, आणि श्यामरावांच्या वाट्याला जगातलं सगळ्यात अवघड काम आलं. काही न करणं. ज्वाळ कमी झाली की हात काठीकडे जायचा. एका बाजूची गोवरी मागे राहिली की बोटं वळवळायची. सत्यभामाबाई आगीकडे पाठ करून बसल्या होत्या, तरी त्यांना बरोबर समजायचं. शेवटी त्यांनी फर्मावलं, हात मांडीखाली घ्या. आणि शाळेतल्या पोट्ट्यासारखे श्यामराव दोन्ही हात मांडीखाली घेऊन अर्धा तास बसले. ज्वाळ गेली. धूर गेला. लाल झालेल्या गोवऱ्यांवर हळूहळू पांढरी राख चढली, आणि चेहरा जवळ नेला तरच कळेल अशी एक मंद धग लागायला लागली. हिच्यानं गाडी एक इंच हलली नसती. पण ती सगळीकडून सारखी होती, आणि कुठं जायची घाई तिला नव्हती.

रोडगे राखेत गेले. एक वाजला, आठ पाहुणे आले, त्यांना मारुतीच्या ओट्यावर बसवून चहा पाजला. एका रिटायर गार्डनं विचारलं, काय भोयर, प्रेशर किती आहे? श्यामराव त्याला म्हणाले, की बोलू नको, झोपला आहे रोडगा, आणि प्रत्येक रोडगा राखेखाली हातानं एकदा वळवला. बोटं भाजली, ती त्यांनी कानाच्या पाळीला लावली.

पाऊण तासानं पहिला बाहेर काढला, फडक्यानं झटकला आणि बायकोच्या हातात दिला. तिनं चष्म्यातून पाहिलं नाही. बोटानं वाजवला, कान लावला, मग दोन्ही अंगठे रोवून फोडला. आतून वाफ आली आणि पापुद्रे एकामागून एक सुटत गेले. सत्यभामाबाई एक तुकडा मोडून श्यामरावांच्या हातावर ठेवणार, तोच त्यांना आठवलं, आधी देवाचं. तो फोडलेला रोडगा बाजूला ठेवून, एक जास्तीचा भाजायला घातला होता तो धरून त्यांनी अकरा मोजले, तूप-गुळासकट मारुतीपुढे मांडले आणि डोकं टेकवलं. बराच वेळ टेकवलं. उठल्या तेव्हा म्हणाल्या, फिटला. एवढंच.

मग जेवणं झाली. आठ पाहुणे मिळून आठ रोडगे खाऊन गेले. शेखरनं कबूल केलं, की सूर्यचुलीत असं झालं नसतं. अनुश्रीनं तिसऱ्यांदा तुकडा मोडून घेतला.

निघायच्या वेळी राखणदार आला आणि म्हणाला, की बाबा, आग बुझाकर जाना, पत्ते सूखे हैं. शेखर विहिरीकडे निघाला तर श्यामरावांनी त्याच्या हातातून बादली घेतली. कोणाला माहीत नव्हतं, पण ज्या दिवशी त्यांच्या इंजिनाची भट्टी शेवटची रिकामी केली, निखारे खालच्या खड्ड्यात पाडून त्यांच्यावर पाणी मारलं, त्या दिवशी श्यामराव शेडच्या मागे चहाच्या टपरीवर जाऊन बसले होते. इंजिनाच्या फायरमननंच पाणी मारायचं असतं. दोघं-तिघं हाका मारून गेले. ते उठले नाहीत. दुसऱ्याच कोणीतरी मारलं.

आता ते राखेजवळ उभे राहिले. बादली जड होती, शेखरनं हात पुढे केला तो त्यांनी बाजूला सारला. पाणी सोडलं. राखेनं फुस्कारा टाकला, पांढरी वाफ उसळून थेट त्यांच्या तोंडावर आली आणि त्यांनी तोंड फिरवलं नाही. वाफ विरली तेव्हा त्यांचा सगळा चेहरा ओला होता.

सत्यभामाबाई जवळ आल्या होत्या. आता धूर नव्हता, तेव्हा त्यांना यायला हरकत नव्हती. त्यांनी पदरानं त्यांचं तोंड पुसलं, तोंड पुसता पुसता तो हातही पुसला, कोपरापर्यंत.

"विझली का?" त्यांनी विचारलं.

"हव," श्यामराव म्हणाले. "सांग तुझ्या मारुतीले. सुटली म्हणावं."